पोडावरचा कोरडा नळ

शनिवार, तिन्हीसांज

मी, श्रावण दौलत गावंडे, वय वर्षे अठ्ठ्याहत्तर, शिक्षण इयत्ता चौथी, नेर तालुक्यातील एका गावचा माजी पोलीस पाटील, स्वतःपुरते खरे लिहून ठेवतो की,

थोरली सुलभा कॉलेजातील नोकरी सोडून एकटीच्या हिमतीवर माहितीपट काढते. गावाबाहेरच्या आदिवासी वस्तीचे, म्हणजे पोडाचे, चित्रण असलेला तिचा माहितीपट उद्या प्रथमच आपल्या गावात दाखवला जाणार. आज सरपंच घरी आले. धाकट्या मंदाचे ते सासरे. पत्नीने चहा पुढे ठेवला.

ते म्हणाले, "पाटील, पोरीले सांगा, पोडावरच्या कोरड्या नळाचं तेवढं कापून टाक म्हणा. गावाची इज्जत जाते. अन् आपली सोयरीक हाये."

सुलभा म्हणाली, "बाबा, खोटं असन तर सांगा. आत्ता कापू."

मी हयातभर पंचनामे लिहिले. दिसले ते लिहावे, पंचांना वाचून दाखवावे, सहीनंतर खोडू नये. मी विचारले, "व्याही, त्या नळाला पाणी येते काय?"

"नाही येत. पण दाखवा कायले?"

"मग कापता येणार नाही."

ते उठले. चहा तसाच. व्याही चहा न घेता जातात याचा अर्थ मला कळतो. मंदाला त्या घरात किती ऐकावे लागेल? मी योग्य केले, की लेकीच्या जिवावर ताठा मिरवला? तो कप मी अजून कोणास उचलू दिलेला नाही.

समक्ष हजर: पत्नी अनसूया, मुलगी सुलभा. मंदाला उद्या पाहावयास येऊ देतील काय, ठाऊक नाही. पंचनाम्यात मी कधीही कोरी जागा सोडली नाही. आज तिच्या नावापुरती सोडली आहे.