बिनसावलीची दुपार

३ एप्रिल
पोहोचले! एरंडोलहून चोपडा, चोपड्याहून शिरपूर आणि तिथून केंद्राच्या जीपने पार सातपुड्याच्या पायथ्याशी. आईने भाकरीसाठी दिलेला कळण्याच्या पिठाचा, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाचा डबा सगळ्या वाटेत मांडीवर होता. धाकटी सारिका स्टँडवर म्हणाली, "ताई, पगार झाला की आधी मला चांगले बूट." आमच्या घरात पदवी घेतलेली मी पहिली आणि नोकरीसाठी गाव सोडलेलीही पहिलीच.

पाड्यांवरच्या मुलींसाठी इथे उन्हाळी निवासी वर्ग चालतो. मी विज्ञान शिकवणार. खोलीला मोठी खिडकी आहे. केंद्र चालवणारे नवलनाना स्वतः फाटकापर्यंत घ्यायला आले. म्हणाले, बी.एस्सी. मॅडम, आमची प्रयोगशाळा म्हणजे हे अंगण आणि वरचं ऊन. स्वयंपाकाच्या लताबाई हसल्या. मीही हसले.

५ एप्रिल
नानांच्या विचाराला इथे 'समछाया' म्हणतात. जगातला उजेड वाढत नाही, तो नुसता सरकतो. एकाच्या अंगणात दुपार झाली की दुसऱ्याच्या घरात तेवढाच काळोख पडतो. म्हणून शिकलेल्या माणसाने आपली सावली कोण वाहतं हे रोज आठवावं. सकाळी सगळे शिक्षक सूर्याकडे तोंड करून उभे राहतात आणि आपापल्या माणसाचं नाव घेऊन हात जोडतात. माझ्या अंगावर काटा आला. कॉलेजात तीन वर्षं इतकं खरं कुणी बोललं नव्हतं.

६ एप्रिल
आज मी नाव दिलं. नानांनी नीट समजावलं. ज्याचं नाव द्याल तो तुमची सावली वाहील, तुमच्याकडे उजेड येईल. समजलं ना, असं पुन्हापुन्हा विचारलं. किती सुंदर रूपक! मी लगेच सारिकाचं नाव घेतलं. बारावीची परीक्षा देऊन बसली आहे, नर्सिंगला जायचं म्हणते. रोज सकाळी तिची आठवण निघेल.

माझ्या जागी आमची आजी असती तर तिने आधी विचारलं असतं, वाहील म्हणजे काय? मी शिकलेली. मला विचारावंसं वाटलं नाही.

१७ एप्रिल
चष्म्याने धूसर दिसू लागलं, म्हणून काढला. बिनचष्म्याचं स्वच्छ दिसतं! डोंगरावरच्या सागाची पानंसुद्धा सुटी सुटी. लताबाई म्हणाल्या, "काढी टाका तो चष्मा, मास्तरीनबाई. आठे कोनलेच लागस नही." खरंच, इथे एकाही शिक्षकाला चष्मा नाही. मुलींना प्रकाशाचा धडा शिकवला. शब्द आपोआप सुचत होते.

३० एप्रिल
आज आखाजी, आमची अक्षय्य तृतीया, झोक्यांचा सण. घरी फोन केला. सारिका झोक्यावरून पडली. दोर दिसलाच नाही म्हणे. वर चेष्टा, "तुझा चष्मा सुटला आणि मला लागला. आखाजीची भेट का गं ताई?" भर दुपारी घरात फार अंधार वाटतो म्हणाली. आईने खिडक्या लावल्या असतील, ऊनच तसं आहे.

६ मे
सारिका पास झाली! पण निकाल वडिलांना, अप्पांना, तिला वाचून दाखवावा लागला. आईने तिला जळगावला डोळ्यांच्या डॉक्टरांकडे नेलं होतं. डोळ्यांत काहीही दोष नाही म्हणाले.

मी आज सुईत दोरा ओवला. खिडकीपासून लांब, न बघितल्यासारखा.

११ मे
सकाळच्या रांगेत खाली पाहिलं. मुलींच्या सावल्या काळ्याभोर. शिक्षकांच्या सगळ्यांच्या फिक्या, ताकाच्या निवळीसारख्या. माझीही.

१४ मे
मागच्या अंगणात एक काळा डाग आहे. वर झाड नाही, छप्पर नाही. ऊन सरकतं, डाग सरकत नाही. लताबाई रोज त्यावर तांब्याभर पाणी ओततात. तेल सांडलं होतं का, म्हणून विचारलं. त्या भाकरी थापता थापता म्हणाल्या, "तो मना धनी शे. वना नाव. मीबी त्यानंच नाव दिधं व्हतं. धुळाले व्हता कामले." मी थट्टा समजून हसले. त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "नानानी बठ्ठं खरंच सांगेल व्हतं, बाई. आपलेच ते बोलणं गोड लागनं."

१५ मे
नानांकडे गेले. सारिकाचं नाव परत घेते, असं मी म्हणाले. ते रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं. शांतपणे म्हणाले, मी तुमच्यापासून काय लपवलं?

काहीच नाही. सगळं सांगितलं होतं.

शेवटी म्हणाले, एकच वाट आहे. उन्हाळ्यात एका दुपारी सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो. सावलीला जमिनीवर जागा उरत नाही. त्या क्षणी ती वाहणाऱ्याला घेऊन खाली जाते. पण तुम्ही या अंगणात उभं राहून, तुमची सावली पायाशी आली की तिला स्वतःच्या नावाने हाक मारायची. मग ती तुमची. काळोखही तुमचा.

शून्य सावली दिवस. मी मुलींना हेच शिकवलं आहे. इथे अठ्ठावीस तारखेला. मी हाक मारीन. आंधळी झाले तरी चालेल.

२१ मे
सारिकाला आता काहीच दिसत नाही. फोनवर म्हणाली, "घाबरू नको गं, ज्वारीचे बिबडे तर पापडासारखे हातानेच थापायचे असतात." मागून आईचं रडणं ऐकू येत होतं. मग आईने फोन घेतला, सारिकाची सावली दुप्पट पडते म्हणाली. सकाळी भिंतभर.

मी सारिकाला सांगितलं, अठ्ठावीसला सगळं ठीक होईल. तिने कसं म्हणून विचारलं नाही. माझ्यावर विश्वास आहे तिचा.

२४ मे
झोप नाही. पापणीतून उजेड आत येतो. डोळ्यांवर ओढणी घट्ट बांधली, तरी छताच्या तुळया दिसतात.

चारच दिवस.

२५ मे
दुपारी वर्ग चालू असताना एकदम सगळं लख्ख झालं. फळा पांढरा. मुली पांढऱ्या. मी खाली बसले. मुली म्हणाल्या मॅडम, ऊन लागलं का. कांदा आणला कुणीतरी.

ऊन नव्हतं ते. आत काहीतरी भरलं —

फोन लागत नाही.

२६ मे
आईचा फोन. काल दुपारी सारिका धाब्यावर, घराच्या गच्चीवर, वाळत घातलेले बिबडे उलटायला गेली. चाचपडत जिना चढली. आई मागोमाग गेली तर खाटेवर बिबडे होते. सारिका नव्हती. खाली उडी नाही, आवाज नाही. फक्त गच्चीवर एक काळा डाग. आई म्हणते, पुसला तरी जात नाही, ऊन सरकलं तरी —

पण काल पंचवीस होती. अठ्ठावीस नव्हती.

रात्री
एरंडोल दक्षिणेला आहे. सूर्य उत्तरेकडे येताना आधी एरंडोलवर. मग शिरपूर. मग इथे. मीच मुलींना नकाशावर रेघ ओढून दाखवली होती. मीच.

तिची दुपार आधी येणार होती. माझी हाक कधीच वेळेत पोहोचणार नव्हती.

इथले सगळे शिक्षक जळगाव, धुळे, पारोळ्याकडचे. नानांनी उत्तरेकडचं एकही माणूस कधी घेतलं नाही.

२७ मे
गावी जायला निघाले. फाटकाबाहेर रस्ता दिसेना. डांबर नाही, झाड नाही. चुन्यासारखं पांढरं. पाय टाकला की खाली काही —
लताबाईंनी हात धरून आत आणलं. म्हणाल्या, आता तुमच्यापाशी दोघींचा उजेड शे.

नाना नव्या मॅडमना आणायला शिरपूरला गेलेत. मी ओरडले, गाव कोणतं तिचं? 

२८
रेघा दिसत नाहीत. अंदाजाने लिहिते. शाई पांढरी की कागद —

डोळे मिटले आहेत. तरी दिसतं. हातातून हाड दिसतं. हाडातून —

जीप आली. एक मुलगी हसते आहे. आवाज सारिकासारखा. नाना विचारतात नाव कुणाचं. ती म्हणते माझ्या आईचं —

बाई नको नाव नको घेऊस ते खरंच

माझा आवाज फुटत नाही. मी दारात आहे, तिला दिसत का नाही. अंगणात सूर्य डोक्यावर आला. पायाखाली काही नाही. मी कुठे संपते आणि ऊन कुठे —

सारिका, थोडी सावली दे गं, थोडीच, मला तुझ्याकडे यायला दिसेल इतक