नखावरचं अंजन

सिहोरा, मंगळवार, संध्याकाळ

सोमवारी माझं ऑपरेशन. म्हणून सासूबाईंनी आज अंजनाची डबी काढली. चिमूटभरच उरलंय, ते करणारं आता कोणी नाही. पायाळू, म्हणजे जन्मताना पाय आधी आलेल्या माणसालाच त्यात पुढचं दिसतं, म्हणून मिनीच्या अंगठ्याच्या नखावर लावलं. मला हसू आलं. माझी लेक पायाळू नाहीच. सासरी तिचं कौतुक व्हावं म्हणून ती थाप मीच मारली होती. अजूनही कंबर धरलेले शेजारी तिची लाथ खायला येतात.

“दिवाळीचं पाह. काय दिसून राहिलं, बाई?”

“आंगणात धान हाये. बाबा हायेत. तू हायेस, आजी.”

“अन् आई?”

मिनी नखाकडे बघत राहिली. मग म्हणाली, “पुसून टाक ना.”

“लेकराले काय समजते!” सासूबाई म्हणाल्या, पण माझ्याकडे न बघता.

राखेनं घासलं, साबणानं घासलं. नखाची कड काळीच. तिला काही दिसणं शक्य नाही, हे फक्त मला माहीत आहे. तरी पुन्हा एकदा घासलं.

आत्ता मिनी आली. “आई, भात कसा मांडतेत? मले शिकव ना.”

शिकवलं. पाणी मोजायला तिनं पातेल्यात हात घातला. नख काळंच होतं.