कॅप्टनचं प्रेत सापडलेलं नाही

३ मे

आधी सगळ्यांच्या तब्येती. घरात माणूस एकटा असला म्हणून काय झालं, रीत ती रीत. उजवा गुडघा: कुरकुरतोय, पण हजर आहे. आवाज: सकाळी घोगरा, चहानंतर थेट शेवटच्या रांगेपर्यंत. वरचे दात: पेल्यात सुखरूप. परसातलं लिंबाचं झाड: पानं पिवळी पडलीत, लिंबं मात्र धरलीत. गाडी: बॅटरी उतरलीय, आराम करतेय. कुंपणावर येणारा मॅगपाय पक्षी: लठ्ठ, उर्मट, ठणठणीत. शेजारची वूला: विचारायला गेलो नाही, तिनेच कुंपणावरून सांगितलं. कंबर, पित्त, सून, याच क्रमाने. एकूण मंडळी ठीक.

आता बातमी. आज 'पेलिकन क्रीक' मालिकेच्या ऑफिसमधून फोन आला. टालिया नावाची मुलगी. आवाजावरून लहान वाटली, मालिका सुरू झाली तेव्हा जन्मलीही नसेल. म्हणाली, ऑब्री, तुमचा कॅप्टनच्या टोपीतला चांगला मोठा फोटो मिळेल का, आणि एका कागदावर सही लागेल. मी शांतपणे मिळेल म्हणालो. फोन ठेवल्यावर खुर्चीत बसलो.

कॅप्टन टॅलबट परत येतोय.

मला ठाऊकच होतं. आमच्या धंद्यातला साधा नियम आहे: मालिकेत ज्याचं प्रेत सापडलं नाही तो मेलेला नसतो. माझी बोट वादळात बुडाली, टोपी किनाऱ्याला लागली, बस. प्रेत दाखवू नका एवढंच मी लेखकाकडे मागितलं होतं. भला माणूस, ऐकलं त्याने. त्याला एकोणीस वर्षं झाली. दाढी मी त्यासाठीच ठेवलीय.

४ मे

संकल्प. रोज सकाळी समुद्रापर्यंत चालायचं. बेकरीतले खिमा भरलेले मीट पाय बंद. बिअर एकच, तीही शनिवारी. दोरीच्या गाठी पुन्हा शिकायच्या, कॅमेरा हातांवर येतोच.

फोटो एक मागितला होता, सात पाठवले. त्यातला एक आत्ताचा, दाढीसकट, म्हणजे बेटावर राहिलेला कॅप्टन कसा दिसेल त्याची कल्पना येईल.

९ मे

फोन नाही. लिहीत असतील. चांगलं लिहायला वेळ लागतो.

माझा एजंट बर्नी याचा फोन मात्र आला. अंत्यविधीच्या विम्याची जाहिरात आहे म्हणे. बाकावर बसून हसायचं आणि माझ्या मुलांवर भार नको असं म्हणायचं. मी सांगितलं, कॅप्टन असल्या जाहिरातीत दिसला तर प्रेक्षकांच्या मनात भलतंच येईल. बर्नी म्हणाला, ऑब्री, कॅप्टन मेला रे बाबा. मी म्हणालो, प्रेत दाखव. तो म्हणाला, मग तो बाक कॉलिन प्रुएटला देतो. दे म्हणालो. कॉलिनला बसायची सवय आहेच, उभं राहून कधी अभिनय जमला नाही त्याला.

१८ मे

चालणं आता समुद्रापर्यंत नाही, टपालपेटीपर्यंत. गुडघ्याचा सल्ला. पेटीवरचं 'कॅप्टन ट्रेगियर' (आडनाव माझं, हुद्दा मालिकेतला) पुसट झालं होतं, त्यावर पुन्हा रंग मारला. पत्र नव्हतं.

परतताना बेकरीत शिरलो. मीट पाय खाल्ला, वर टोमॅटो सॉस. विचार करून खाल्ला. एकोणीस वर्षं बेटावर मासे खाऊन राहिलेल्या माणसाच्या डोळ्यांत भूक दिसायला हवी, आणि खाल्ल्याशिवाय भूक कळत नाही.

वूलाने याही रविवारी जेवायला बोलावलं होतं. तिच्याकडे लेक, जावई, नातवंडं, कोकराचं मांस, आरडाओरडा. म्हणाली, अहो कॅप्टन, एक ताट जास्त झालं तर मला काय जड आहे. मी म्हणालो, शूटिंग जवळ आलंय, अंग आटोक्यात ठेवायचंय. तिने माझ्या पोटाकडे पाहिलं. मग म्हणाली, आटोक्यात नाही, पट्ट्यात अडकून पडलंय.

दुपारभर कुंपणापलीकडून हसण्याचे आवाज येत होते. दोरीच्या गाठींचा सराव केला. एक बसली. सुटेना, कात्रीने कापली.

२८ मे

टालियाला फोन केला. उचलला नाही. निरोप ठेवला, कॅप्टनच्या आवाजात: वारा फिरलाय, पोरी, बोट बंदरात येतेय.

लगेच फोन आला, जरा घाबरलेली होती. मी आहे म्हटल्यावर हसली. म्हणाली, फोटो फारच सुंदर आहे, खूप मोठा करून सेटवर मध्यभागी ठेवणार आहोत. मी मनात म्हटलं, बघा. म्हणाली, त्या भागासाठी जुने सगळे कलाकार बोलावलेत, हेस्टरसुद्धा. मी विचारलं, मग मला कधी बोलावताय?

तिने आधी फोटोचे पुन्हा आभार मानले. मग म्हणाली, ऑब्री, तुमच्याशी कोणी बोललं नाही का? तेवढ्यात तिला कोणीतरी हाक मारली, नंतर करते म्हणून फोन ठेवला.

गुप्तता. शेवटच्या क्षणी दार उघडतं आणि कॅप्टन उभा, तसं असणार. मला आधी सांगितलं तर मी वूलाला सांगेन, वूला चर्चला सांगेल, चर्च सगळ्या ओकली उपनगराला सांगेल. बरोबर आहे त्यांचं.

३० मे

टालिया विसरली असेल.

हेस्टर येणार म्हणून झोप नाही. मालिकेत ती माझी बायको, अकरा वर्षं. त्याआधी आम्ही दोघं फिरत्या नाटक कंपनीत होतो. मी ट्रामचा कंडक्टर, नाट्यशाळेची पायरी चढलो नाही, थांब्यांची नावं ओरडून आवाज कमावला. ती शिकलेली. गावोगावच्या हॉलमध्ये प्रयोग, पडद्याला ठिगळं, प्रेक्षकांत कुत्री. प्रयोगाआधी आमच्यात शुभेच्छा म्हणून एकमेकांना 'चुकस' म्हणतात. चुक म्हणजे कोंबडी. पूर्वी थेटर भरलं की रात्री नटांच्या ताटात कोंबडी पडायची, त्यावरून. हेस्टरची पद्धत अशी की माझ्या टोपीवर एक टपली मारायची आणि हळूच म्हणायची, चुकस. पुढे मालिकेतसुद्धा, प्रत्येक सीनआधी.

ते एकदा थांबलं, त्यानंतर मला कोणी चुकस म्हणालेलं नाही. कारण प्रयोगही नव्हते, हा भाग वेगळा.

११ जून

पेपरात आलं: 'कॅप्टन टॅलबटचं रहस्य उलगडणार. पुढच्या गुरुवारी, संध्याकाळी सात.' टालियाचा फोन नाही. म्हणजे माझा सीन पुढच्या भागासाठी राखून ठेवलाय. आधी उत्सुकता, मग एंट्री. मी असतो तर असंच लिहिलं असतं.

वूलाला बघायला बोलावलं. पहिल्या भागापासून एक भाग चुकवला नाही तिने. म्हणाली, नवरा गेला तेव्हा सोडून. तेव्हा चाळीस दिवस टीव्ही बंद होता.

१९ जून

टोपी घातली. काकडीचे सँडविच केले. वूला तिच्या चांगल्या कोटात आली, म्हणाली, कॅप्टनसमोर असं तसं कसं यायचं.

सात वाजून चार मिनिटांनी कोळ्यांच्या जाळ्यात सापडलं.

हाडं. आणि कोटावरचा पितळी नांगर.

मग शवपेटी. पेटीवर माझा फोटो, खरोखरच खूप मोठा. चांगला दिसत होतो. सगळे जुने लोक काळ्या कपड्यांत. निम्म्यांना मी ओळखलं नाही, इतके म्हातारे झालेत.

जाहिराती लागल्या. कॉलिन प्रुएट बाकावर बसून हसला आणि म्हणाला, माझ्या मुलांवर भार नको. कॉलिनला मुलं नाहीत.

वूलाने माझा हात धरला होता. रडत होती. माणूस चांगला होता, असं मला सांगत होती. एवढ्या वादळात बायकोला आधी होडीत चढवलं त्याने. मी म्हणालो, हो, लक्षात आहे.

शेवटी हेस्टर पेटीजवळ आली. केस पूर्ण पांढरे. पेटीवर टोपी ठेवलेली होती. तिने तिच्यावर हळूच एक टपली मारली आणि ओठ हलवले. आवाज आला नाही, वर संगीत वाजत होतं. वूला म्हणाली, प्रार्थना केली असेल.

प्रार्थना नव्हती. मी ओठ वाचले.

२० जून

नीट विचार केला. हाडांना चेहरा नसतो. पितळी नांगर कोणाच्याही कोटावर असू शकतो. कॅप्टनचा जुळा भाऊ असता तर? लेखकांना सुचवणारं पत्र लिहायला घेतलं. दोन ओळी झाल्या.

२१ जून

वूला दारात. हातात चांदीच्या ताटलीत उकडलेले गहू, वर साखरेचा जाड थर, त्यावर बदाम आणि डाळिंबाचे दाणे. त्यांच्या ग्रीक लोकांत मेलेल्या माणसाच्या नावाने हे करतात, कोलिवा म्हणतात. म्हणाली, नवऱ्यासाठी करतेच दरवर्षी, यंदा दोन मुठी जास्त टाकल्या. पाद्र्याला प्रार्थनेत कॅप्टनचं नाव वाचायला सांगितलं तर म्हणाला, बाप्तिस्मा झाला होता का त्याचा? ते मालिकेत कधी दाखवलं नाही म्हणून वाचलं नाही.

चमचा हातात दिला. खाताना देव त्याला क्षमा करो असं म्हणतात म्हणे. म्हणालो. खाल्लं. साखर जास्त होती. दुसरा चमचाही खाल्ला.

ती म्हणाली, आता ती टोपी काढा, घरात काय पाऊस पडतोय. आणि उद्या रविवार आहे. आता कुठला कॅमेरा येणार नाही तुमच्या पोटावर.

टोपी काढली. डोक्याला गार लागलं.

२२ जून

वूलाकडे जेवलो. नातवंडांनी विचारलं, तुम्ही टीव्हीतले मेलेले आजोबा ना? हो म्हणालो. मांस दोनदा घेतलं.

संध्याकाळी लेखकांना लिहायला घेतलेलं पत्र फाडलं. दुसरं लिहिलं, कच्चं इथेच ठेवतो.

हेस्टर, तब्येत कशी आहे? गुडघे? रक्तदाब? ती तुझी बहिरी बहीण? माझं सगळं ठीक आहे, फक्त गेल्या गुरुवारी वारलो, ते तुला ठाऊकच आहे. फार चांगलं केलंस काम. पुढच्या सीनला कोणी नसेल म्हणायला, म्हणून इथूनच म्हणतो: चुकस. आमच्याकडे लिंबं खूप लागलीत, कधी या बाजूला आलीस तर घेऊन जा. लवकर लिही. पत्ता तोच. टपालपेटीवरचं 'कॅप्टन' तेवढं खरवडलंय, खाली नुसतं ट्रेगियर आहे. पोस्टमनला सापडेन.