प्रमुख पाहुणे आणि पिट्सबर्गचा नारळ

स्टेट कॉलेज, पेनसिल्व्हेनिया
१० नोव्हेंबर १९८५

तीर्थरूप विष्णूमामांना,

आठ हजार मैलांवरून राजीवचा साष्टांग नमस्कार (आमच्या अपार्टमेंटात चौघे राहतो, आडवं पडायला जागा नाही, उभ्यानेच घातलेला गोड मानून घ्यावा). मी इथे खुशाल आहे. तुमचं ब्लडप्रेशर, मामींचा गुडघा आणि आईचा माझ्यावरचा राग, तिन्ही आटोक्यात असतील अशी आशा करतो. हे पत्र पोचेपर्यंत दिवाळी उलटून डब्याच्या तळाशी चकल्यांचा चुरा तेवढा उरला असेल. तो माझ्या नावाने खावा.

नगरपालिकेच्या निकालाचं तुमचं पत्र मे महिन्यातच मिळालं होतं. उत्तराला उशीर झाला, कारण काय लिहावं ते सुचेना. पहिल्या दोन वेळी तुम्ही पडलात तेव्हा मी लहान होतो, नुसतं तुमच्या शेजारी गंभीर चेहरा करून बसलं तरी भागत होतं. तिसऱ्यांदा पडलेल्या माणसाचं पत्रातून समाधान कसं करावं, हे आम्हाला ना पुण्यात शिकवलं ना इथे. पण आता तुमच्या उपयोगाचं काही हाती लागलंय. चौतीस वर्षं एकाच मतदारसंघातून निवडून येणारा माणूस मी जवळून पाहिला, आणि जवळजवळ बुडवला.

त्यांचं नाव जगन्नाथ रामचरण. कॅरिबियन समुद्रात एक बेट आहे (नाव लिहीत नाही; तुम्ही नकाशात शोधत बसाल आणि त्यावर नेमकी माशी बसलेली असेल), तिथले ते मंत्री. आमच्या लॅबमध्ये पीएच.डी. करणाऱ्या सुमित्राचे ते सख्खे काका. तिचे वडील लहानपणीच गेले, काकांनीच वाढवलं. तुमच्यापासून काय लपवायचं मामा, माझं आणि सुमित्राचं लग्न करायचं ठरलंय, आणि सगळं अडलं होतं ते काकांच्या होकारावर. (हे आईला तूर्त सांगू नये.) पण आपला विषय निवडणुकीचा आहे.

तर १९५१ साली, सत्ताविसाव्या वर्षी, मास्तरकी सोडून ते उभे राहिले. प्रचाराला सायकल होती, तिला ब्रेक नव्हते. त्यामुळे उतारावरच्या वस्तीतल्या मतदारांची भेट धावती व्हायची आणि तिथे त्यांना आजही मतं कमी पडतात. तेव्हापासून आठ निवडणुका लढवल्या, आठही जिंकल्या. पक्ष चारदा बदलला. त्यांचं म्हणणं असं की ते जागचे हललेच नाहीत, पक्षच शेजारून जात होते. पोस्ट, पाणी, शेती अशी खाती सांभाळून झाली. मासेमारीखातं अकरा वर्षं होतं, पण बोट लागते म्हणून खात्याच्या बोटीत एकदाही पाय ठेवला नाही. मधली पाच वर्षं विरोधात बसावं लागलं, तेव्हा आपल्याच जुन्या पाणीखात्याच्या कारभारावर ते तीन तास इतके कडाडले की सरकारने घाबरून चौकशी समिती नेमली आणि अनुभवी माणूस म्हणून अध्यक्ष त्यांनाच केलं. सगळ्यात मोठं काम म्हणजे पूल. पाच निवडणुका त्यांनी पुलाचं आश्वासन दिलं आणि पाचही वेळा हजारांनी निवडून आले. मग पूल खरोखरच बांधला, तर लोक म्हणाले, आता यांच्याकडे काय काम? मताधिक्य घसरत घसरत गेल्या खेपेला एकेचाळीसवर आलं. (मामा, तुम्ही पहिल्याच सभेत गटारं तीन महिन्यांत पुरी करतो म्हणालात, तिथेच चुकलं.) आणि मत म्हणाल तर ते कधी मागतच नाहीत. घरात शिरतात, दुखण्याखुपण्याची चौकशी करतात, पुढ्यात येईल ते खातात आणि मागच्या वेळी गुडघा डावा दुखत होता की उजवा, हे लक्षात ठेवतात.

आता आमच्या इथल्या मंडळाकडे वळतो. मंडळ म्हणजे एकोणीस माणसं, तीन तान्ही मुलं आणि एक घटना. घटना हेमचंद्रकाकांनी लिहिली; ते इथे प्रोफेसर आहेत आणि मंडळाचे तहहयात अध्यक्ष (आमच्याकडे निवडणूक होत नाही हे ऐकून जगन्नाथकाकांनी आदराने हॅट काढली होती). घटनेनुसार प्रमुख पाहुण्यांशिवाय गणेशोत्सव नाही आणि शाल-श्रीफळाशिवाय सत्कार नाही. आसपासचे मिळण्यासारखे पाहुणे संपले होते. आल्टूनाचे एक दंतवैद्य दोनदा येऊन गेले आणि दोन्ही वेळा हिरड्यांवरच बोलले. सप्टेंबरात सुमित्राचे काका तिला भेटायला येणार असं कळल्यावर मी ताबडतोब त्यांचं नाव सुचवलं. एवढा मोठा सत्कार घडवून आणणाऱ्या मुलाला कोण नाही म्हणेल, असा माझा साधा हिशेब.

नारळ इथल्या सुपरमार्केटात मिळतो, पण शेंडी काढलेला. हेमचंद्रकाकांनी तो हातात फिरवून पाहिला आणि परत दिला. सत्काराला शेंडीचाच लागतो. म्हणून मी आणि माझा रूममेट गिरीश त्याच्या गाडीतून (जिचा हीटर बंद होत नाही) उकाड्यात तीन तास ड्राइव्ह करून पिट्सबर्गच्या देवळाजवळच्या दुकानातून शेंडीचे दोन नारळ घेऊन आलो. एक वाटेत तडकला. दुसरा टॉवेलात गुंडाळून कपाटात ठेवला. सुमित्राला यातलं काही बोललो नाही, कारण मला सरप्राइज द्यायचं होतं.

आणि घोळ झाला तो इथेच. त्या बेटावर मतपत्रिकेवर आपल्यासारखीच चिन्हं असतात. काकांचं चिन्ह कंदील. विरोधकांचं चिन्ह नारळ. जिथे नारळ झाडावरून डोक्यात पडतो तिथे या माणसाने चौतीस वर्षं चारचौघांत नारळाला हात लावलेला नाही. घरच्या पूजेत तो पंडिताने धरायचा, काकांनी लांब उभं राहायचं. काकू नारळाच्या दुधातलं मासळीचं कालवण करतात ते खिडक्या लावून. ऑक्टोबरात नववी निवडणूक होती, एकेचाळीस मतांचा जीव, आणि मी त्यांच्यासाठी तीन तास लांबून नारळ आणला होता. (आपल्याकडेही कुणाच्या हातात नारळ दिला म्हणजे काय समजायचं ते समजतात, पण ते मला तेव्हा आठवलं नाही.)

कार्यक्रमाला हॉल भरला होता. फुकट जेवण आहे म्हटल्यावर कॅम्पसवरचे परदेशी विद्यार्थी येतातच, त्यात काकांच्या बेटावरचाही एक आला होता. त्याचे वडील नारळवाल्या पक्षाचे खजिनदार, आणि त्याच्या गळ्यात कॅमेरा. मी काकांचा परिचय अठरा मिनिटं मराठीत करून दिला (घटनेचं कलम चार). काका आपलं नाव ऐकू आलं की मान हलवायचे. मग हेमचंद्रकाकांनी शाल पांघरली आणि नारळ पुढे केला. जगन्नाथकाकांनी दोन्ही हात पाठीमागे घेतले. आपल्याकडे पाहुण्याने दोनदा नको नको म्हणायचं असतंच, त्यामुळे सगळ्यांना त्यांचा विनय फार आवडला. हेमचंद्रकाका एक पाऊल पुढे गेले, पाहुणे एक पाऊल मागे. असे ते टेबलाभोवती एक फेरी मारून आले आणि लोक टाळ्या वाजवत होते. मागच्या रांगेत सुमित्रा उभी राहून दोन्ही हात हलवत होती. तिला आनंद झालाय असं समजून मीही हात हलवला. शेवटी भिंत आली. हेमचंद्रकाकांनी नारळ त्यांच्या छातीशी टेकवला, तो पडू नये म्हणून काकांचे हात आपोआप पुढे आले, आणि फ्लॅश उडाला.

मंत्र्याने विरोधकांचा नारळ मुलासारखा उराशी धरलाय, असा तो फोटो. काकांनी कॅमेरा पाहिला. मग त्यांनी गणपतीकडे पाहिलं. चौतीस वर्षं माणूस उगीच निवडून येत नाही, मामा. ते सरळ मूर्तीपुढे गेले, नारळ डोक्याच्या वर उचलला आणि खिडकीखालच्या लोखंडी हीटरवर असा हाणला की एका घावात दोन शकलं. पाणी हेमचंद्रकाकांच्या सुटावर उडालं. आपली माणसं नारळ फुटल्यावर गप्प बसतात थोडीच? एकोणीस जण मोरया म्हणून ओरडले. त्या गजरात काका कॅमेऱ्याकडे वळून इंग्रजीत शांतपणे म्हणाले, "आता हाही काढ."

दोन्ही फोटो बेटावर पोचले. विरोधकांनी पहिल्याची पोस्टरं लावली, काकांनी दुसऱ्याची. मधल्या काळात मला झोप नव्हती. ऑक्टोबरात निकाल लागला आणि काका त्रेसष्ट मतांनी आले. उतारावरच्या वस्तीनेही या वेळी हात दिला म्हणे. मी लॅबमध्ये बातमी ऐकली आणि खरंच रडलो, लाज कसली.

त्याआधी, कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी, त्यांना विमानतळावर सोडायला मीच गेलो होतो. गाडीत त्यांची माफी मागितली. त्यांनी विचारलं, मला बुडवायचं होतं का तुला? मी म्हटलं, नाही, तुमच्यावर छाप पाडायची होती. ते इतके हसले की त्यांना सीटबेल्ट सैल करावा लागला. मग त्यांनी होकार दिला, एका अटीवर. अटीचं नंतर लिहीन, पत्र लांबलंय.

तर पुढच्या निवडणुकीत गटारं बांधायचं सोडून गुडघ्यांची चौकशी करत जा. मामींना नमस्कार, चिल्ल्यापिल्ल्यांना पापे.

तुमचा भाचा,
राजीव

ता. क. पुण्याहून कोणी येणार असेल तर गोडा मसाला पाठवावा. त्यासाठीच हे पत्र लिहायला घेतलं होतं.

ता. क. २ मसाल्याचं खोटं आहे. अट अशी: काकांनी विचारलं, तुझी आई काय म्हणते? मी म्हटलं, तिला अजून सांगितलेलं नाही. ते हसायचे थांबले आणि म्हणाले, "मग तुझा उमेदवारी अर्जच भरलेला नाही, पोरा." आईचा होकार आल्याशिवाय त्यांचा होकार धरायचा नाही. आई काय विचारेल, म्हणाले. मी म्हटलं, गाव विचारेल, कूळ विचारेल. मग त्यांनी आजोबांचं सांगितलं. उसाच्या मळ्यांवर करारबद्ध मजूर म्हणून हिंदुस्थानातून नेलेल्या त्या आजोबांच्या कागदावर जहाजाचं नाव आहे आणि एक नंबर. गाव लिहायला कारकुनाला सवड नव्हती. मला फार वाईट वाटलं, पण त्यांनी माझ्या खांद्यावर थोपटलं. "आमच्याकडे कुठून आलास हे कुणी विचारत नाही," ते म्हणाले. "पुन्हा येशील का, एवढंच विचारतात." तेव्हा मामा, आईकडे शब्द टाकायचं काम तुमचं. मतदार एकच आहे, पण अवघड आहे.

ता. क. ३ आई, गल्लीत आपलं दार आधी येतं आणि पाकिटावर कुणाचंही नाव असो, अमेरिकेचं तिकीट दिसलं की ते तूच फोडतेस. म्हणजे हे सगळं तू एव्हाना चहा गार करून उभ्यानेच वाचलेलं असणार. मामांच्या नावाने लिहिलं, कारण तुझ्या नावाने लिहायला चारदा बसलो आणि चारही वेळा 'तीर्थरूप आईस' च्या पुढे जाता आलं नाही. सुमित्रा चांगली आहे. तू भेटलीस की तुला माझ्यापेक्षा तीच जास्त आवडेल. तुझ्या मनाविरुद्ध मी काही करणार नाही, पण तुझं मन वळावं असं मला फार वाटतं. काय ते तुझ्याच हातचं लिही. आणि आता पाकीट डिंकाने नीट चिकटवून मामांना नेऊन दे. पहिल्यांदा त्यांनीच वाचलं, असं त्यांना वाटू दे.