सरोजाच्या हातातली टोपी

मेलकावेरी, कुंभकोणम
१२ फेब्रुवारी

चि. सरोजास अण्णाचे आशीर्वाद.

डोळे ठणठणीत आहेत माझे. ऑपरेशन झालं, आता चष्माही लागत नाही. तू विचारलं नाहीस, तरी सांगतो. तिरुविसनल्लूरला हाकेच्या अंतरावर आत्याआजी राहते नि तात्या पत्र कसलं लिहितात, म्हणून नात पवित्रा हसते. हसू दे. तोंडानं जमत नाही.

तिनंच मोबाइलवर दाखवलं. नगरपालिकेला शंभर वर्षं झाली तेव्हाची मिरवणूक. कुणाकडे तरी जुनी फिल्म सापडली म्हणे. काळी-पांढरी, माणसं टुणटुण चालतात. म्हटलं, आवाज वाढव. म्हणाली, "आवाजच नाही तात्या त्याला. मुकीच काढलीय." बरंच झालं.

पुढे देवळाचा हत्ती, मग बँड, मग आमची शाळा. फलकाची एक काठी माझ्या हातात. सगळ्यांच्या डोक्यावर पांढरी टोपी, मी एकटा बोडका. घरी विसरलो होतो ना. तेवढ्यात कडेनं तू पळत येतेस. आठ वर्षांची, ठिगळाची पावाडै पायांत घोळतेय, हातात माझी टोपी. तोंड उघडं. अण्णा, टोपी घे, टोपी घे! भर रस्त्यात आपली घरची मराठी. पोरं आधीच मला त्यावरून चिडवायची. मी वळतो, तुझ्याकडे नीट बघतो, नि मान परत समोर.

पवित्राला चार वेळा लावायला लावलं. चारही वेळा वळून तुझ्याकडे बघतो.

संध्याकाळी महामहम तळ्यापाशी एका फुलवालीजवळ सापडलीस. टोपी हातातच. मी अप्पांना म्हटलं, मला दिसलीच नाही, ही आपली मजा बघायला पळाली. अप्पांनी तुझी शाळा बंद केली. पहिली यायचीस तू. मी एसएसएलसीला दोनदा बसलो, दोनदा आपटलो.

आईच्या तेराव्याला तू सगळ्यांसमोर विचारलंस, "अण्णा, खरं सांग, दिसले होते ना तुला?" मी म्हटलं, "नाही गं." भरल्या पानावरून उठलीस. अकरा वर्षं झाली त्याला.

दिसली होतीस. हाकही ऐकली होती. खोटं तू नव्हतीस बोलली.

तुझ्या लेकीच्या, नंदिताच्या मोबाइलवर पवित्रा ती फिल्म पाठवेल. सगळ्यांना दाखव. घरी आलीस तर काफी मिळेल. पण हा विषय काढलास तर मी उठून जाईन. लिहिलं तेवढं लिहिलं, आणखी एक अक्षर सांगणार नाही.

हनुमंतराव