दोन्ही वेळा धुतलं

सोमवार, ३
नोकरीही मिळाली आणि खोलीही, एकाच दिवशी. मांजरांच्या दवाखान्यात जखमा धुऊन पट्ट्या बांधायचं काम. डॉक्टरीणबाई एकट्याच, त्यामुळे डोक्यावर दुसरा साहेब नाही. खोली दोन गल्ल्या सोडून, वरच्या मजल्यावर. घरमालकिणीला सगळे मावशी म्हणतात. त्यांनी तीस वर्षं इस्पितळात ड्रेसिंग केलंय. घरात त्या आणि त्यांचा बोका, सरकार. नाव अगदी शोभतं: खुर्ची सोडत नाही आणि काम काडीचं करत नाही.

बुधवार, ५
सरकार मारामारी करून आले. मानेवर लिंबाएवढं गळू. डॉक्टरीणबाईंनी चिरून पू काढला आणि जखमेचं तोंड मुद्दाम उघडं ठेवलं. टाके नाही घालायचे का, असं विचारलं तर हसल्या. मांजराची कातडी फार लबाड, म्हणाल्या. वरून दोन दिवसांत मिटते आणि आत सडत राहतं. म्हणून पाच दिवस, दोन्ही वेळा, खपली काढून मिठाच्या कोमट पाण्याने आतपर्यंत धुवायचं. सरकारच्या जखमेला हात लावताना मावशी थरथरतात, म्हणून ते काम माझ्याकडे आलं.

शुक्रवार, ७
सकाळी धुताना मेल्याने अंगठ्याचा कडकडून चावा घेतला. जशास तसे हा माझा बाणा. संध्याकाळी त्याला घेऊन मोरीत गेले, दार लावलं, नळ सोडला आणि स्टुलावर नुसती बसून राहिले. बाहेर येऊन सांगितलं, धुतलं. मावशींनी माझ्या पाठीवरून हात फिरवला. मला जरा बरंच वाटलं.

रविवार, ९
काल दोन्ही वेळा तसंच, आज सकाळीही. जखम किती सुरेख मिटलीय. उगाच बाऊ करतात सगळे. मावशी खूश आहेत. दुपारी मात्र सरकारने दुधाला तोंड लावलं नाही.

सोमवार, १०
काल संध्याकाळी, धुवायची वेळ व्हायच्या आतच सरकार गेला. डॉक्टरीणबाईंनी मिटलेली कातडी उघडली तर खाली पाठीपर्यंत पू. मला विचारलं. मी म्हटलं, दोन्ही वेळा धुतलं. जीभ अडखळलीसुद्धा नाही. मावशी रडल्या नाहीत. घरी आल्यावर माझा अंगठा हातात घेऊन म्हणाल्या, मांजराचा दात सुईसारखा, खोल जातो, दाखव पोरी. नको म्हटलं असतं तर संशय आला असता.

मंगळवार, ११
आजही संध्याकाळी मावशींनी पट्टी बदलली. त्यांचे हात जराही थरथरत नाहीत. विचारलं तर म्हणाल्या, आपल्या जिवावर हात कापतो, परक्यावर नाही. मला मान वळवायला लावतात. नळाचा आवाज येतो, पण अंगठा कोरडाच. मग जखमेवर काहीतरी चिकट लावून चापून बांधतात. धुतलं, म्हणतात.

गुरुवार, १३
डाव्या हाताने लिहितेय. ताप. मनगटावरून कोपराकडे लाल रेघ — फोन सापडत नाही. दाराला बाहेरून कडी.
सगळं कबूल केलं. रडले, पाया पडले. त्यांना माहीतच होतं. म्हणाल्या, भिजलेलं मांजर बसलं की गादी ओली होते. चार वेळा कोरडी होती, आणि मी मूर्ख, कातडी बघून खूश. चार वेळा, म्हणाल्या. तुझ्याही चारच पट्ट्या. पाचव्या वेळी उघडीन, शब्द देते.
आजची चौथी.

शुक्रवार, १४
काखेत गाठ. थंडी — दात वाजतायत. आवाज फुटत नाही.
खाली डॉक्टरीणबाई आल्यात. माझी चौकशी. मावशी गोड आवाजात सांगतायत, अंगठा जरा सुजलाय, झोपलीय, दोन्ही वेळा मी स्वतः धुते. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, तुमच्या हातात आहे म्हणजे काळजीच नाही.
फाटक लागलं.
मावशी जिन्यात. शब्द दिलाय त्यांनी — पाचवी — उघडतील. भांडं वाजलं. पाणी असेल. पाणीच असेल —
कडी निघाली. हात रिकामे. खुर्ची ओढून नुसत्या समोर बसल्यात. म्हणतायत, सरकारला पाचवी वेळ कुठे मिळाली, पोरी, तेव्हा आपण —