दारातल्या बापाचं वाक्य

१४ जानेवारी, तैशो सम्राटाचं दहावं वर्ष

नवी फिल्म आली. सहा रिळं. पाचव्यात बाप मुलीला बर्फात हाकलतो. त्याचे ओठ अकरा वेळा हलतात — मोजले — आणि संवादाची पाटी नाही! शब्द मी घालायचे. बेन्शीचं कामच ते: पडद्यावर मुकी माणसं, आवाज माझा. शाळा चार इयत्ता. पण सगळ्या कानाझावात माझ्यासारखा बाप कुणी बोलत नाही.

तो कागद मात्र रात्री उशिरापर्यंत कोराच राहिला.

१५ जानेवारी

संहिता मंजुरीसाठी पोलीस ठाण्यात दिली. "तू मला मेलीस. या उंबऱ्यावर तुझी सावली नको." शिक्का बसला. आता एक शब्द इकडचा तिकडे नाही. मागच्या खुर्चीत हवालदार कागद घेऊन बसतो. एक ताकीद मिळालेली आहे. दुसऱ्या चुकीला परवाना जातो.

१६ जानेवारी

लिहितोच. हेच वाक्य दोन वर्षांपूर्वी मी माझ्या मुलीला, नुईला बोललो. आमच्या थिएटरातल्या क्लॅरिनेटवाल्याशी लग्न करते म्हणाली म्हणून. राग माझा, पण शब्द त्या आठवड्यातल्या फिल्ममधल्या बापाचे! सवयीने सुटले — खेळातल्या आवाजात, हातवाऱ्यांसकट. पोर गेली ती गेलीच.

आणि काल पुन्हा तेच लिहिलं. दुसरं सुचलंच नाही.

१८ जानेवारी

बायको मुळा किसत म्हणाली, "नुई गावात आलीय. पाठीशी बांधलेलं मूल आहे. उद्या खेळाला येणार."

"तू बोलावलंस?"

"तुमचं नाव भिंतीभिंतीवर आहे. मी कशाला बोलावू!"



१९ जानेवारी

बायकांच्या बाजूला, तिसरी रांग. तीच!

पाचवं रीळ. बापाचे ओठ हलले. मी तोंड उघडलं, मिटलं. अकराही वेळा गप्प.

"मास्तर, जीभ गिळलीत काय!" कुणी ओरडलं. हशा. मग तोही थांबला. हवालदार कागद चाळत उभा. मालक कुरोइवांचा चेहरा पांढरा — "बुडवलंत!"

"चुकीचं बोलण्याला नियम आहे," हवालदार म्हणाला, "न बोलण्याला काय, ते साहेबांना विचारतो."

दिवे लागले तेव्हा तिची जागा रिकामी. घामाने किमोनो भिजला. परवान्यासाठी नव्हे. मी गप्प राहिलो, पण तिला तर ते वाक्य पाठ आहे! तिनेच मनात म्हटलं असेल.

२० जानेवारी

सकाळी निरोप: परवाना महिनाभर जप्त.

दुपारी दार सरकलं. नुई. उंबऱ्याबाहेरच उभी. "बाबा, काल तुमच्या जागी मी बोलले. मनात. पडद्यावरच्या बापाला 'आत ये' म्हणायला लावलं."

माझ्या खडावा बाजूला सरकवून आत तिच्या जोड्यांना जागा केली.